अंतरपाट कोणी धरला आहे?

17 ऑक्टोबर 2023. मंगळवार, नवरात्राची तिसरी माळ. त्या दिवशी सकाळी मी बँकेतल्या स्टेशनरीच्या खोलीत मोबाइल घेऊन बसले होते. सर्वोच्च न्यायालयाचं पाच जणांचं घटनापीठ सुप्रियो विरुद्ध भारत सरकार या खटल्याचा निकाल वाचत होतं. लग्न करण्याचा मूलभूत हक्क घटनेत नाही, यावर पाचांचंही एकमत झालं. विशेष विवाह कायद्याला हात लावणार नाही, यावरही एकमत झालं. निदान आमच्या सहजीवनाला काही कायदेशीर नाव द्यावं का, यावर तीन विरुद्ध दोन असा कौल पडला आणि ते तीन आमच्या विरुद्ध होते. मी डबा न उघडताच घरी परत नेला.

रात्री सोसायटीत गरबा होता. बडोद्यात राहून नवरात्रात घरी बसलं तर लोक आजारी समजून चौकशीला येतात, म्हणून आम्ही दोघी खाली उतरलो. दीडशे माणसं गोल फिरत होती. त्यांतल्या एकालाही त्या दिवशी दिल्लीत काय झालं याचा पत्ता नव्हता. कोणी मुद्दाम गप्प बसलं होतं असं नाही, त्यांना खरोखरच माहीत नव्हतं. एकोणीस वर्षं आम्ही त्या इमारतीत राहतो आहोत. पाणी गेलं की एकमेकांकडे बादल्या नेतो, बारशाला जातो, स्मशानात जातो. आणि आमच्या आयुष्याचा फैसला झाला तेव्हा तो आमच्या मजल्यावरसुद्धा पोचला नाही.

मी तेव्हापासून एकच गोष्ट म्हणत आले आहे आणि इथेही तीच म्हणणार आहे. दोष त्या दीडशे माणसांचा नाही, आमचा आहे. विवाह समानतेची चळवळ आम्ही दिल्लीला धाडून दिली आणि गल्लीत कोणाला सांगितलंच नाही.

गैरसमज नको. ज्या जोडप्यांनी याचिका केल्या, नावं जाहीर केली, त्यांच्यापुढे मी हात जोडते. माझ्यात तेवढं धैर्य नव्हतं. 2018 च्या 6 सप्टेंबरला कलम 377 चा फास सैल झाला तोही न्यायालयामुळेच. पण गुन्हेगार न ठरणं वेगळं आणि नातेवाईक ठरणं वेगळं. गुन्हेगार न ठरण्यासाठी पोलिसानं आपल्याला एकटं सोडलं तरी पुरतं. नातेवाईक ठरण्यासाठी मात्र रुग्णालयातला कारकून, पेन्शनचा टेबल, सोसायटीचा सेक्रेटरी, रेशन दुकानदार, तलाठी आणि शेजारची काकू एवढ्या सगळ्यांनी 'हो' म्हणावं लागतं. ही सगळी माणसं गल्लीत राहतात. त्यांच्यापर्यंत इंग्रजीतली याचिका जात नाही.

सरकारनं त्या खटल्यात शपथपत्र दिलं की ही मागणी म्हणजे शहरी उच्चभ्रूंचा दृष्टिकोन आहे. बार कौन्सिल ऑफ इंडियानं तर 2023 च्या एप्रिलात ठरावच केला, की देशातले 99.9 टक्क्यांहून अधिक लोक याच्या विरोधात आहेत. ही मोजणी कोणी केली, कधी केली? माझ्या दारावर तरी कोणी वही घेऊन आलं नव्हतं. पण तो आकडा फेकण्याची हिंमत त्यांना का झाली, याचं उत्तर आम्हालाच द्यावं लागेल. आम्ही स्वतः कधी दारोदार फिरून मोजलं नव्हतं. मोकळ्या जागेवर कोणीही कुंपण घालतं.

उच्चभ्रू म्हणे! 1987 साली मध्य प्रदेशात पोलीस दलातल्या दोन शिपाई स्त्रियांनी मंदिरात एकमेकींशी लग्न केलं आणि त्यापायी दोघींच्या नोकऱ्या गेल्या. त्या कोणत्या क्लबाच्या सभासद होत्या? आमच्या गुजरातेत मैत्री करार नावाचा प्रकार होता. मुळात तो विवाहित पुरुषांनी दुसऱ्या बाईशी संसार थाटण्यासाठी काढलेली पळवाट. पण ऐंशीच्या दशकात काही बायकांच्या जोडप्यांनीही तोच स्टॅम्पपेपर वापरल्याची नोंद आहे. 2019 च्या एप्रिलात मद्रास उच्च न्यायालयाच्या मदुराई खंडपीठानं एक पुरुष आणि एक ट्रान्सस्त्री यांचं लग्न हिंदू विवाह कायद्याखाली वैध ठरवलं. ते लग्न तुतिकोरिनच्या एका देवळात लागलं होतं, आणि नोंद नाकारली होती ती तिथल्याच निबंधकानं. दिल्लीतल्या कोणी नव्हे. सरन्यायाधीश चंद्रचूड यांनी आपल्या निकालपत्रात स्पष्ट लिहिलं आहे, की हे शहरापुरतं किंवा श्रीमंतांपुरतं नाही. पण त्यांचं निकालपत्र अल्पमतात गेलं. आता ते सिद्ध करण्याचं काम आमच्यावर येऊन पडलं आहे, आणि ते निकालपत्रांतून होणार नाही.

त्याच निकालपत्रात आणखी एक गोष्ट आहे, जिच्याकडे आमच्या लोकांनी पुरेसं लक्ष दिलं नाही. लग्न हा विषय समवर्ती सूचीत, पाचव्या क्रमांकावर आहे. म्हणजे कायदा करण्याचा अधिकार संसदेला आहे तसाच राज्यांच्या विधिमंडळांनाही आहे. केंद्राच्या कायद्याशी विसंगती आली तर राष्ट्रपतींची संमती लागते, एवढंच. खटला चालू असताना केंद्रानं राज्यांना त्यांचं मत विचारलं होतं. सात राज्यांनी उत्तर दिलं. राजस्थान, आंध्र आणि आसाम यांनी विरोध केला. उरलेल्यांनी विचार करायला वेळ मागितला, त्यांत महाराष्ट्र होता.

महाराष्ट्रानं वेळ मागितला! ज्या भूमीत 1873 च्या सप्टेंबरात सत्यशोधक समाज उभा राहिला आणि त्याच डिसेंबरात भटजीशिवाय पहिलं लग्न लागलं, तिनं. त्या लग्नांवरून ओतूरसारख्या गावांतले खटले थेट मुंबईच्या उच्च न्यायालयापर्यंत गेले होते. कोल्हापुरात शाहू महाराजांनी 1919 साली आंतरजातीय विवाहाला कायद्याचं छत्र दिलं. बडोद्यात सयाजीरावांनी 1931 साली हिंदूंना घटस्फोटाचा कायदा दिला. मुंबई प्रांतानं 1946 साली द्विभार्याबंदीचा आणि 1947 साली घटस्फोटाचा कायदा केला. मद्रासनं 1949 साली केला. अवघ्या देशाला हिंदू विवाह कायदा मिळाला तो 1955 साली. लग्नाच्या बाबतीत प्रांत आणि संस्थानं पुढे चालली आणि दिल्ली वरातीमागून आली, असाच आपला इतिहास आहे. आता मात्र राज्यं म्हणतात वेळ द्या, दिल्ली म्हणते समिती नेमू, न्यायालय म्हणतं विधिमंडळाकडे जा. 9 जानेवारी 2025 ला फेरविचाराच्या याचिकाही फेटाळल्या गेल्या. आता कोणाच्या दारात जायचं?

मला वाटतं तमिळनाडूकडे पाहावं. पेरियार यांच्या स्वाभिमान चळवळीतली लग्नं 1920 च्या दशकाच्या अखेरीस सुरू झाली. पुरोहित नाही, होम नाही, चार माणसांसमोर एकमेकांना हार घालायचे. कायद्यानं ती लग्नं होती का? नव्हती. 1953 साली मद्रास उच्च न्यायालयानं तसं स्पष्ट सांगितलंसुद्धा. तरी लोक थांबले नाहीत. गावोगाव मंडप पडत राहिले, मुलं झाली, ती मुलं मोठी होऊन मतदार झाली. शेवटी 1967 साली अण्णादुराईंच्या सरकारनं हिंदू विवाह कायद्यात राज्यापुरती दुरुस्ती केली. हार, अंगठी किंवा थाळी, यांतलं काहीही पुरे. आणि आधी झालेली तशी लग्नंही वैध. जवळजवळ चाळीस वर्षं आधी समाजानं लग्नं लावली आणि मग कायद्यानं अक्षता टाकल्या.

अलीकडचं आणि आणखी जवळचं उदाहरण कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाडचं. शिरोळ तालुक्यातलं हे गाव. 4 मे 2022 ला तिथल्या ग्रामपंचायतीनं ठराव केला, की नवरा वारल्यावर बाईचं कुंकू पुसणं, बांगड्या फोडणं, मंगळसूत्र तोडणं या प्रथा गावात बंद. दोनच आठवड्यांत राज्य सरकारनं परिपत्रक काढून सगळ्या ग्रामपंचायतींना तोच कित्ता गिरवायला सांगितलं. विधवांच्या दुःखावर मराठीत किती कादंबऱ्या झाल्या, किती परिसंवाद झाले! हललं ते एका गावच्या ठरावानं.

आणि कोणी म्हणेल, आमच्या विषयात असं होणार नाही, तर त्यानं नेपाळ पाहावा. तिथल्या सर्वोच्च न्यायालयानं 2023 च्या जूनमध्ये अंतरिम आदेश दिला, की अशा विवाहांची तात्पुरती नोंद करा. काठमांडूच्या जिल्हा न्यायालयानं त्यानंतरही नोंद नाकारली. म्हणजे आदेश होता, पण राजधानीतलं दार बंद. 29 नोव्हेंबर 2023 ला पहिली नोंद झाली ती लमजुंग जिल्ह्यातल्या दोर्दी गाउँपालिकेत. आपल्या भाषेत सांगायचं तर डोंगरातल्या एका ग्रामपंचायतीत. महाराष्ट्रात खेड्यातल्या लग्नाची नोंद ग्रामसेवक करतो. पेन त्याच्या हातात आहे, आणि आम्ही त्याच्याशी अजून बोललेलोही नाही.

एवढं सगळं वाचून झाल्यावर मलाच माझी लाज वाटली. मग गेल्या वर्षी पावसाळा संपल्यावर मी एक पानाचं पत्र लिहिलं, गुजरातीत आणि मराठीत. गुजराती तिनं नीट करून दिलं. ती म्हणजे माझी जोडीदार. सोसायटीत आम्हाला 'बेउ बहेनो', दोघी बहिणी, म्हणतात. सुरुवातीला भाडेकरार मिळावा म्हणून आम्हीच तसं सांगितलं होतं.

पत्रात दोन मागण्या होत्या. पहिली, सोसायटीच्या नोंदवहीत 'अडीअडचणीला कळवायची कुटुंबातली व्यक्ती' असा रकाना आहे, तिथे आम्ही एकमेकींची नावं 'जोडीदार' म्हणून लिहू द्या. दुसरी, आमदारांना एक पत्र, की विधानसभेत हा विषय मांडा. त्यावर सह्या. आमच्याकडे 84 घरं आहेत. नऊ रविवार लागले.

पहिल्याच रविवारी मला भाषेनं आडवं पाडलं. 'विवाह समानता' म्हटलं तर लोकांना सरकारी योजना वाटते. 'समलिंगी' म्हटलं तर समोरचा माणूस दार अर्धं लोटून घरात मुलं कुठे आहेत ते बघतो. तो शब्द डॉक्टरच्या चिठ्ठीवरून उतरल्यासारखा आहे, त्यात शरीर आहे आणि घर नाही. मराठी साहित्यात आम्ही नाही असं नाही. तेंडुलकरांचं 'मित्राची गोष्ट', बिंदुमाधव खिरे यांचं 'पार्टनर', सचिन कुंडलकर यांचं 'कोबाल्ट ब्लू', हे सगळं मी वाचलं आहे आणि त्यांनी मला जगवलं आहे. पण दारात उभं राहून बोलायचा शब्द मला कुठल्याही पुस्तकानं दिला नाही. तो मला माझ्या नोकरीनं दिला. तो शब्द म्हणजे 'नॉमिनी'.

तीन-चार घरं झाल्यावर मी सरळ तिथूनच सुरुवात करू लागले. "भाई, मी बँकेत काम करते. माझी एक अडचण ऐकाल?" नॉमिनी या शब्दावर गुजराती, मराठी, सिंधी, कोणीही दार लावत नाही.

मग मी सांगायची. 2024 च्या ऑगस्टमध्ये केंद्रानं परिपत्रकं काढली. आमच्यासारख्यांना संयुक्त खातं उघडायला आडकाठी नाही, जोडीदाराला नॉमिनी करता येईल, रेशन कार्डासाठी एक कुटुंब धरा. वर्तमानपत्रांत ठळक मथळे आले. काउंटरच्या या बाजूला बसून मला हसावं की रडावं कळेना. संयुक्त खातं कोणीही दोघं आधीपासून उघडू शकत होती. भागीदार उघडतात, मैत्रिणी उघडतात. नॉमिनी कोणालाही करता येत होतं. जे होतं तेच आम्हाला नव्यानं बक्षीस मिळालं. आणि नॉमिनी म्हणजे मालक नव्हे. बँक पैसे त्याच्या हातात देऊन मोकळी होते, पण पैसा वारसांचा. आईवडील नसलेली अविवाहित बाई मृत्युपत्र न करता गेली तर वारस कोण? भाऊ. मी तिला 50,000 रुपयांहून मोठी भेट दिली तर आयकर खातं ते तिचं उत्पन्न धरतं, नवरा-बायकोत असतं तर धरलं नसतं. उद्या तिला मूत्रपिंड द्यायची वेळ आली, तर अवयवदानाच्या कायद्यातल्या जवळच्या नातेवाइकांच्या यादीत मी नाही. आणि आरोग्य मंत्रालयानं राज्यांना लिहिलेल्या पत्रानुसार जोडीदाराला मृतदेह ताब्यात घेता येईल. कधी? जवळचे नातेवाईक उपलब्ध नसतील तेव्हा. म्हणजे उरलं सुरलं तर आमचं.

2022 साली तिच्या पित्ताशयाची शस्त्रक्रिया झाली. संमतीपत्रावर 'रुग्णाशी नातं' या रकान्यात मी 'मैत्रीण' लिहिलं. कारकून म्हणाला, "बेन, घरचं कोणी?" सुरतेहून तिचा भाऊ येईपर्यंत चार तास गेले. बारा वर्षांत तो आमच्या घरी दोनदा आला होता. सही त्याची चालली. तो कारकून वाईट नव्हता, त्यानं मला चहा आणून दिला. त्याच्या कागदावर माझ्यासाठी जागाच नव्हती.

तिसऱ्या मजल्यावरच्या मराठी काकूंकडे गेले तेव्हा त्या म्हणाल्या, "अगं, राहताय ना सुखानं? कोण अडवतंय तुम्हाला? मग हे कागदाचं खूळ कशाला?" मी विचारलं, "काकू, काका गेल्यावर पेन्शन सुरू व्हायला किती दिवस लागले?" काकू गप्प झाल्या. मग आत जाऊन एक फाइल घेऊन आल्या. त्यांच्या लग्नाची नोंदच नव्हती. एक्केचाळीस वर्षांच्या संसारानंतर त्यांना प्रतिज्ञापत्र करावं लागलं होतं, दोन साक्षीदार आणावे लागले होते, जुनी लग्नपत्रिका शोधावी लागली होती. "मी त्यांची बायको आहे हे मला सिद्ध करायला लावलं गं," त्या म्हणाल्या. पत्रावर त्यांनी सही केली. चष्मा न लावता केली म्हणून रेषेबाहेर गेली.

सगळीकडे असं झालं नाही. दुसऱ्या मजल्यावरचे निवृत्त गृहस्थ म्हणाले, "घरी केव्हाही या, जेवा, पण सही मागू नका." सेक्रेटरी म्हणाले, ठराव कार्यपत्रिकेवर घेता येणार नाही, पण वहीत काय लिहायचं ते लिहा, मी बघणार नाही. हा आमचा पहिला विजय, डोळे मिटून दिलेला. वहीला हरकत नाही असं 58 घरांनी सांगितलं. आमदारांच्या पत्रावर 33 सह्या झाल्या. आणि ती घरी गणिताच्या शिकवण्या घेते, तिच्या अकरा मुलांपैकी सात मुलं दिवाळीनंतर आली नाहीत. कोणी कारण सांगितलं नाही. ही किंमत मी मोजली नाही, तिनं मोजली. हा परिच्छेद मी तिला वाचून दाखवला आहे. ती म्हणाली, आकडा बरोबर लिही, सातच गेली, चार अजून येतात.

आता माझ्याच बाजूच्या लोकांच्या हरकती घेते, कारण विरोधकांपेक्षा त्याच जास्त धारदार आहेत.

पहिली हरकत. हक्क काय बहुमतानं ठरवायचे? शेजाऱ्यांच्या सह्या गोळा करणं म्हणजे आपल्या माणूसपणावर मतदान घेणं नव्हे का? हरकत खरी आहे. तैवानमध्ये 2018 च्या सार्वमतात आमच्यासारखे हरले. आधी तिथल्या घटना न्यायालयानं निकाल दिला होता म्हणूनच 2019 साली कायदा झाला. पण आयर्लंडमध्ये 2015 साली सार्वमत झालं तेव्हा आठवडेच्या आठवडे लोक दारोदार गेले. समलिंगी मुलांच्या आया गेल्या, आज्या गेल्या. 62 टक्के लोकांनी होकार दिला, तोही कॅथलिक चर्चचा एवढा पगडा असलेल्या देशात. मी सार्वमत मागत नाही. न्यायालयाचं दार ठोठावणं थांबवा असंही म्हणत नाही. मी एवढंच म्हणते, की पुढच्या वेळी आम्ही कोर्टात उभे राहू तेव्हा 99.9 चा आकडा फेकणाऱ्यासमोर आमच्याकडे वॉर्डावॉर्डातल्या, गावागावातल्या वह्या असाव्यात.

दुसरी हरकत स्त्रीवादी मैत्रिणींची. लग्न ही पितृसत्तेची आणि जातीची तटबंदी, तिच्यात शिरायला कशाला धडपडता? डॉ. आंबेडकरांनी 1916 सालीच दाखवलं होतं, की जात टिकते ती जातीतल्या जातीत लग्न लावून. मला हे मान्य आहे. पण मग तटबंदीच्या बाहेर लग्न करू पाहणाऱ्यांना कायदा काय देतो ते बघा. विशेष विवाह कायद्यात तीस दिवसांची नोटीस लावतात. नाव, पत्ता, सगळं निबंधकाच्या फलकावर. आंतरधर्मीय जोडप्याचा माग काढायला त्याहून सोपी सोय नाही. ती नोटीस रद्द करा ही मागणी आमची आणि त्यांची एकच आहे. तालुक्याच्या कचेरीबाहेर घाबरून उभ्या असलेल्या त्या पोरापोरीच्या शेजारी आम्ही आजवर उभे राहिलो नाही, म्हणून आमच्या शेजारीही कोणी उभं नाही. जातीबाहेरच्या, धर्माबाहेरच्या आणि आमच्यासारख्या सगळ्यांची ही एकच रांग आहे. आम्ही दिल्लीत जाऊन वेगळी रांग लावली.

शिवाय लग्नाला नावं ठेवण्याची चैन ज्यांना करता येते, त्यांना लग्न न करण्याचा पर्याय आहे. मला तो नाही. ज्याला ताटच वाढलं नाही त्याच्या उपासाला कोणी व्रत म्हणत नाही.

तिसरी हरकत सर्वांत जड आहे. तुम्ही बँकेत आहात, स्वतःचा फ्लॅट आहे, म्हणून दारोदार फिरता. खेड्यातली मुलगी काय करेल? तिला घरात कोंडतील, पोलीस तिला पकडून बापाच्या हवाली करतील. खरं आहे. 2025 च्या मे महिन्यात मद्रास उच्च न्यायालयापुढे असंच प्रकरण आलं. घरच्यांनी अडकवून ठेवलेल्या एका तरुणीला न्यायालयानं मोकळं केलं आणि लिहिलं, की लग्न हा कुटुंब होण्याचा एकमेव मार्ग नाही, निवडलेलं कुटुंबही कुटुंबच. छान वाक्य आहे. पण त्याआधी पोलिसांनी त्या मुलींना काय वागवलं, याबद्दलही न्यायालयाला कठोर शब्द वापरावे लागले. म्हणूनच सुरुवात माझ्यासारखीनं करायची. जिची नोकरी जाणार नाही, जिला कोणी कोंडणार नाही, तिनं आधी दार वाजवायचं. एकोणीस वर्षं मी 'बहीण' या शब्दाआड लपले. माझ्या लपण्यानं त्या खेड्यातल्या मुलीचं दार आणखी घट्ट झालं. हे मी इतरांना सुनावत नाही, स्वतःला सांगते आहे.

आणि शेवटी तुम्ही, वाचकहो. हे नियतकालिक वाचणारे, चार भाषांतलं साहित्य जाणणारे. आमच्या वेदनेच्या कथा तुम्ही आवडीनं वाचता. अनुवाद करता, पुरस्कार देता, डोळे पुसता. त्याबद्दल आभार. पण तुमच्या इमारतीतही एक नोंदवही असेल आणि तीत 'कुटुंब' असा एक रकाना असेल. तुमच्या वाचनालयाच्या, साहित्य मंडळाच्या सभासदत्वाच्या अर्जावर 'पती/पत्नी' असं छापलेलं असेल, तिथे 'जोडीदार' छापायला कोणत्या न्यायालयाची परवानगी लागते? तुमच्या संस्थेच्या वैद्यकीय योजनेत कोण येतं, हे कधी विचारलंत? तुमच्या गावच्या ग्रामसभेत वर्षातून काही वेळा कोणालाही उठून बोलता येतं, तिथे कधी उठलात? आमदार दिवाळीला शुभेच्छापत्र पाठवतात, त्याला एकदा उत्तर लिहा. त्यात विचारा, की राज्यानं 2023 साली मागितलेला वेळ अजून संपला नाही का.

आपल्याकडे लग्नात अंतरपाट धरतात. लहानपणी मला वाटायचं तो भटजींच्या मंत्रांनी खाली येतो. तो कापडाचा तुकडा असतो आणि आपल्याच ओळखीची दोन माणसं त्याची टोकं धरून उभी असतात. त्यांनी हात खाली केले की तो खाली येतो. आमच्यापुढचा अंतरपाट न्यायमूर्तींनी धरला आहे असं समजून आम्ही इतकी वर्षं दिल्लीकडे बघत राहिलो. त्याची टोकं सेक्रेटरीच्या हातात आहेत, ग्रामसेवकाच्या हातात आहेत, रुग्णालयातल्या त्या चहा देणाऱ्या कारकुनाच्या हातात आहेत, आणि तुमच्याही. आम्ही 'सावधान' पुष्कळ वेळा ऐकलं. आता हात खाली करा.

आमच्या शेजारच्या सोसायटीत 112 घरं आहेत. येत्या रविवारी मी तिथे जाणार आहे. तिसऱ्या मजल्यावरच्या काकू बरोबर येते म्हणाल्या आहेत. त्यांची फाइलही घेऊन येणार आहेत.